हाकेला प्रतिसाद

"टोकन क्रमांक सत्तेचाळीस, खिडकी क्रमांक पाच," कर्ण्यातली बाई म्हणाली.

सत्तेचाळीस नंबरचे गृहस्थ माझ्या समोरच, पहिल्या रांगेत बसले होते. इस्त्रीचा पांढरा शर्ट, मांडीवर प्लास्टिकची पिशवी, पिशवीवर दोन्ही हात. ते माझ्याकडेच बघत होते. मी काचेआडून हात हलवून बोलावलं. त्यांना वाटलं, मी ओळख दाखवतेय. त्यांनीही हसून हात हलवला आणि पुन्हा शांत बसले.

मी कपाळाला हात लावला.

खिडकी नंबर पाच म्हणजे ऐकू न येणाऱ्यांची खिडकी. श्रवणयंत्राचे अर्ज इथे घेतात, तपासतात आणि मंजुरीसाठी वर पाठवतात. इथे येणाऱ्या माणसाला ऐकू येत नाही, म्हणूनच तो इथे येतो, आणि आमचं कार्यालय त्याला कर्ण्यावरून हाक मारतं. नंबर दाखवणारी पाटीही आहे. ती आठ महिन्यांपूर्वी बिघडली, तेव्हापासून तिच्यावर अठ्ठ्याऐंशी हाच आकडा आहे. एक आजोबा मला अठ्ठ्याऐंशी नंबरचंच टोकन द्या म्हणून दोन दिवस हटून बसले होते. त्यांचंही काही चुकत नव्हतं.

मी बावीस वर्षं या खिडकीत बसतेय. बावीस वर्षं ओरडतेय म्हटलं तरी चालेल. घरी गेल्यावरही आवाज खाली येत नाही. "अगं, मी काचेपलीकडे नाहीये," असं नवरा रोज एकदा तरी म्हणतो. मुलगी मैत्रिणींना घरी आणायच्या आधी मला बाजूला घेऊन सांगते, "आई, आज हळू हं." मग मी हळू बोलते, आणि मैत्रिणी एकमेकींना विचारतात, काकू रागावल्यात का.

पूर्वी काम सोपं होतं. नंबर आला की मी उठायचे, मागच्या दाराने हॉलमध्ये जायचे, माणसाच्या खांद्यावर हात ठेवायचे आणि त्याला खिडकीशी घेऊन यायचे. 'हाकेला प्रतिसाद दिला का?' हा प्रश्न तेव्हाही होता. सगळ्याच खिडक्यांच्या अर्जांवर होता, गैरहजर कोण ते कळावं म्हणून. पण त्याखाली एक रिकामी ओळ होती. त्या ओळीवर मी लिहायचे, 'ऐकू येत नाही. खांद्यावर हात ठेवल्यावर आले.' बावीस वर्षं माझी खिडकी त्या एका ओळीवर चालली.

तीन आठवड्यांपूर्वी कागद गेले आणि स्क्रीन आला. स्क्रीनवर ओळ नाही. 'होय' आणि 'नाही' अशी दोन बटणं. 'नाही' दाबलं की माणूस गैरहजर, आणि तीनदा गैरहजर झाला की अर्ज बंद. मग वर्षभराने नव्याने सुरुवात करायची. आता 'होय' दाबावं, तर कुणीतरी अतिहुशार माणसाने खास आमच्या खिडकीसाठी भर घालून ठेवलेली. लाल अक्षरांत येतं, 'अर्जदारास ऐकू येते. अर्ज अपात्र.' म्हणजे आला तर तो बहिरा नाही, आणि बहिरा असेल तर तो आलाच नाही. हे ज्याने केलंय त्याला एकदा, फक्त एकदा, माझ्यासमोर उभं करावं, एवढंच माझं देवाकडे मागणं आहे.

बरोबर घरचं कुणी असेल तर अडत नव्हतं. त्या माणसाने खिडकीबाहेरच्या यंत्रावर अंगठा लावला की 'प्रतिनिधी' असं तिसरं बटण उघडायचं आणि ती दोन्ही बटणं आपोआप गायब व्हायची. अडायचं ते एकट्या माणसांचं. सत्तेचाळीस नंबर एकटे होते. आधी दोनदा येऊन गेले होते. पहिल्या वेळी मी 'नाही' दाबून बघितलं, पुढे काही उघडेल या आशेने. काही उघडलं नाही, त्यांची एक गैरहजेरी लागली. दुसऱ्या वेळी मी मदतकेंद्राला फोन लावला. पंधरा मिनिटं गाणं ऐकवल्यावर तिकडचा माणूस म्हणाला, "मॅडम, अर्जदाराला जरा मोठ्याने हाक मारून बघा ना." तोवर स्क्रीनने आपल्याच मनाने दुसरी गैरहजेरी लावून टाकली.

आज तिसरी वेळ होती.

स्क्रीनवर 'थांबवा' नावाचं एक बटण आहे. एका टोकनाला एकदाच चालतं, वीस मिनिटं मिळतात. मी ते दाबलं. मग सत्तेचाळीस नंबरच्या शेजारी बसलेल्या बाईंना खुणा केल्या. त्यांनी आधी स्वतःच्या छातीवर बोट ठेवून 'मी?' असं विचारलं, मग पर्स दाखवून 'ही?' असं विचारलं, आणि शेवटी एकदाचं शेजारच्या गृहस्थांना कोपराने ढोसलं. ते दचकून उठले आणि खिडकीशी आले.

"ताई, आज होईल ना?"

ऐकू न येणाऱ्या माणसाला आपण किती मोठ्याने बोलतो ते कळत नाही. त्यांचा प्रश्न अख्ख्या हॉलने ऐकला.

"बघतेय. कसं होईल ते बघतेय," मी म्हटलं. त्यांच्याशी मला ओरडावं लागत नसे. ते ओठ वाचत. पस्तीस वर्षं छापखान्यात मशीनमन होते, आणि मशीन चालू असताना तिथे सगळे ओठांवरूनच बोलत. कान गेले ते त्यांना मशीन बंद झाल्यावर, म्हणजे निवृत्तीनंतर कळलं.

"मला एकपर्यंत घरी पोचायचंय. शेजारीण बसलीय तिच्याजवळ. एकला तिला कामावर जायचं असतं."

'ती' म्हणजे त्यांची बायको. तीन महिन्यांपूर्वी तिला अर्धांगाचा झटका आला. हे सगळं त्यांनी मला पहिल्याच भेटीत सांगितलं होतं. हॉललाही सांगितलं होतं.

"हे बघा," म्हणून त्यांनी मनगट काचेला लावलं. मनगटाभोवती तांबडा वळ होता. "दोरी बांधतो. एक टोक तिच्या डाव्या हाताला, एक माझ्या. तिनं ओढलं की मला कळतं, बोलावतेय. पण जाऊन उभा राहिलो की पुढं काय? तोंड वाकडं झालंय तिचं. दहा वर्षं मी तिचे ओठ वाचत होतो, आता एक अक्षर लागत नाही. लिहायचा हात गेलाय. शेजारीण म्हणते, नुसती घरघर आहे, शब्द नाहीतच. पण शब्द असणार हो. चाळीस वर्षांचा आवाज आहे. नुसता कानावर पडू दे, मी ओळखीन."

मला त्या स्क्रीनवर पेपरवेट मारून फेकावंसं वाटलं. पण कागदच गेल्यामुळे पेपरवेटही जमा करून घेतले होते.

"उठा की मग," शेजारच्या खिडकीतून चार नंबर म्हणाला. तो जन्मदाखल्यांचं बघतो आणि बाकी वेळ माझ्याकडे बघतो. "नेहमीसारखं काहीतरी करा."

"तू ये ना. यांचा प्रतिनिधी हो."

"मी उठलो तर माझी खुर्ची बोंबलेल."

तेही खरं होतं. स्क्रीनबरोबर खुर्च्याही नव्या आल्या होत्या. खुर्चीवरून उठलं की घड्याळ सुरू होतं, परत येऊन आपलाच अंगठा लावेपर्यंत थांबत नाही, आणि रोज संध्याकाळी दारावर यादी लागते, कुठली खिडकी किती मिनिटं रिकामी होती त्याची. पहिल्याच आठवड्यात, खांद्यावर हात ठेवायच्या सवयीपायी, मला दोन मेमो मिळाले होते. तिसरा मेमो सेवापुस्तकात नोंदला जातो. मला निवृत्त व्हायला सात महिने राहिले होते, आणि माझ्या सेवापुस्तकात आजवर बाळंतपणाच्या रजेशिवाय सांगण्यासारखं काही नव्हतं.

मी साहेबांना फोन केला. साहेब तरुण आहेत, स्वभावाने गरीब. खोलीतून बाहेर येताना नेहमी चुकून दुसऱ्याच्या खोलीत शिरल्यासारखे येतात.

"साहेब, यांचं काय करायचं?"

त्यांनी स्क्रीन बघितला. "मॅडम, 'होय' दाबा ना."

"मग यांना ऐकू येतं असं होईल."

"मग 'नाही' दाबा."

"मग हे इथं नाहीत असं होईल."

साहेबांनी मशीनमनकडे पाहिलं. मशीनमननी त्यांना नमस्कार केला. ते तिथे आहेत, याबद्दल शंका घ्यायला जागा नव्हती.

"ते वरून आलंय मॅडम," साहेब हळूच म्हणाले.

"मग वर सांगा."

"वर कोणाला सांगायचं, ते अजून वरून आलेलं नाही."

मी हसले नाही. त्या क्षणी साहेबांची दया आली असती तर बरं झालं असतं, पण मला फक्त संताप आला. बारा वाजून गेले होते आणि वीस मिनिटांतली नऊ संपली होती.

तेवढ्यात मशीनमन काचेजवळ वाकले. आम्ही काय बोललो ते त्यांनी ओठांवरून वाचलं होतं.

"ती ओळ काढली का हो?"

"कुठली ओळ?"

"नमुना सात. पिवळा कागद. प्रश्नाच्या खाली एक रिकामी ओळ असायची. तुमचे फॉर्म आमच्याकडंच छापायचे. एकदा मालक म्हणाला, ती ओळ उडव, जागा वाचेल. मी म्हटलं, राहू दे. एवढ्या प्रश्नांत माणसाला बोलायला एक जागा नको का?"

ज्या ओळीवर मी बावीस वर्षं लिहीत आले, ती या माणसाने राखली होती, आणि मी तीन आठवड्यांत त्याच्या दोन गैरहजेऱ्या लावल्या होत्या.

मी उठले. खुर्चीने पीं करून नोंद घेतली.

"मॅडम!" साहेब म्हणाले.

"तुमची खुर्ची मोजत नाहीत ना, साहेब?"

"माझी? नाही, अधिकाऱ्यांच्या अजून..."

"मग इथं बसा. मी बाहेरून येते. पुन्हा हाक मारा."

"पण तुम्ही बाहेर जाऊन काय करणार?"

"मी यांची प्रतिनिधी."

"प्रतिनिधी घरचाच लागतो. नातं निवडावं लागतं."

"निवडते. बहीण. एरवीही ते मला ताईच म्हणतात."

"मॅडम, हे खोटं..."

"तुमच्या यादीत 'इतर' नाहीये साहेब. असतं तर मी 'इतर' झाले असते."

मागच्या दाराने वळसा घालून मी हॉलमध्ये आले. वाटेत एका आजोबांच्या खांद्यावर सवयीने हात ठेवला आणि काढला. मग मी माझ्याच खिडकीसमोर उभी राहिले. बावीस वर्षांत या बाजूने मी कधी उभी राहिले नव्हते. बोलण्यासाठीचं भोक माझ्या पोटाशी होतं. ते आतल्या खुर्चीच्या मापाने पाडलेलं. बोलायचं तर कमरेत वाकायला हवं. इतकी वर्षं माणसं वाकून बोलतात, ती मला नम्र वाटायची. आज वाकले तेव्हा पाठीत कळ आली आणि कळलं की नम्र वगैरे कोणी नव्हतं.

आत साहेब माझ्या खुर्चीत बसले होते. त्यांनी बटण दाबलं. कर्ण्यातली बाई म्हणाली, "टोकन क्रमांक सत्तेचाळीस, खिडकी क्रमांक पाच."

"हजर," मी भोकात तोंड घालून ओरडले. हॉलमध्ये दोघे-तिघे हसले. मी यंत्रावर अंगठा लावला.

साहेब आतून काहीतरी बोलले. मला ऐकू आलं नाही.

"काय?"

साहेब पुन्हा बोलले. ओठ हलताना दिसत होते, हातही हलत होते, पण आवाज काचेपलीकडेच राहत होता. मी कान भोकाशी नेला तर त्यांचं तोंड दिसेना, आणि तोंड बघायला गेले तर कान दूर राहिला. बावीस वर्षं मी लोकांवर चिडायचे, 'एवढं सांगतेय तरी कळत नाही का' म्हणून. आमच्या खिडकीशी येऊन ऐकू न येण्यासाठी बहिरं असायची गरजच नव्हती.

"साहेब म्हणतायत," शेजारून मशीनमन म्हणाले, "अंगठा पुसून परत लावा. उमटला नाही."

मी पदराला अंगठा पुसला आणि परत लावला.

"आता म्हणतायत, डावा लावा."

मी डावा लावला.

"म्हणतायत, उघडलं. नातं विचारतायत."

"बहीण!" मी ओरडले.

"थोरली का धाकटी म्हणतायत."

"असंही विचारतात?"

"नाही," मशीनमन काचेकडे बघत म्हणाले. "ते मशीन नाही विचारत. साहेब विचारतायत. हसतायत."

मी पाहिलं. साहेब खरंच हसत होते, आणि घाबरलेलेही होते. त्यांनी दोन-तीन ठिकाणी बोट लावलं, मान हलवली आणि अंगठा वर केला. यंत्रातून पावती आली. 'अर्ज पुढील कार्यवाहीसाठी पाठविला.' मशीनमननी ती प्रकाशात धरून पाहिली, शाई नीट उठलीय का ते बघावं तशी, आणि चौघडी करून खिशात ठेवली.

"वहिनींना सांगा," मी म्हटलं, "तुमच्या नणंदेनं अर्ज भरलाय."

"सांगतो. ऐकू तिला चांगलं येतं," ते म्हणाले आणि घड्याळाकडे बघत जवळजवळ पळतच गेले. बारा पस्तीस झाले होते.

मेमो दुसऱ्या दिवशी आला. 'खिडकी क्रमांक पाच, खुर्चीत नसल्याचा अवधी अकरा मिनिटे, कारण सादर करावे.' खाली साहेबांची सही होती. ते स्वतः येऊन म्हणाले, "मॅडम, माझा नाइलाज आहे." मी म्हटलं, ठाऊक आहे. घरी सांगितलं तेव्हा नवरा म्हणाला, "सात महिने राहिलेत, कशाला नको ते अंगावर घेतेस?" मी त्याला उत्तर दिलं ते शेजारच्यांनीही ऐकलं. सेवापुस्तकात नोंद झाली. बाळंतपणाच्या रजेखाली आता तेवढी एक ओळ आहे.

साडेचार महिन्यांनी मशीनमन पुन्हा आले. यंत्र मिळालं, चालतंय, अशी सही द्यायला यावं लागतं; ती अजून कागदावरच घेतात. तोवर पाटी दुरुस्त झाली नव्हती, पण स्क्रीनमध्ये 'इतर' आलं होतं. फक्त नात्याच्या यादीत, बाकी कुठे नाही. कर्ण्याने त्यांचा नंबर पुकारला आणि ते आपणहून उठून, कानावर हात दाबत आले.

"केवढ्यानं ओरडते हो ही बाई!"

"आता कळलं ना? आम्ही रोज सोसतो."

मी गमतीत बोलले होते, पण ते पुढे काय म्हणाले ते मला ऐकूच आलं नाही. आता त्यांना स्वतःचा आवाज कळत होता, म्हणून ते हळू बोलत होते. मला वाकून कान भोकाशी न्यावा लागला.

"वहिनी काय म्हणतात?" मी विचारलं. "शब्द आहेत ना?"

"आहेत."

"बघा, तुम्ही म्हणालाच होता. काय म्हणाल्या पहिल्यांदा?"

ते सहीच्या जागेकडे बघत राहिले. "पंखा," ते म्हणाले.

"काय?"

"पंखा बारीक करा, म्हणत होती. डॉक्टर म्हणाले होते, हवा खेळती ठेवा. म्हणून मी तिच्या डोक्यावरचा पंखा दिवसभर जोरात ठेवायचो. तिला गार वारं सोसत नव्हतं. झटका आला त्या आठवड्यापासून तेच म्हणत होती. साडेसात महिने."

"मग तुम्हाला..."

"दोरी ओढायची. मी गेलो की डावा हात वर करायची. वर फळी आहे, फळीवर पाण्याचा जग. मला वाटायचं, तहान लागलीय. मी पाणी द्यायचो."

मी पेन भोकातून पुढे सरकवलं.

"प्यायची हो," ते म्हणाले. "प्रत्येक वेळी प्यायची. अर्धं गळ्यावरनं सांडायचं, तरी प्यायची. एकदासुद्धा नको म्हणून मान फिरवली नाही."

त्यांनी सही केली. छापखान्यातल्या माणसाची असते तशी, ओळीच्या बरोबर वर, ओळीला न लागता. पेन टोपण लावून आत सरकवलं. कानातलं यंत्र एकदा चाचपलं.

"येतो ताई. आता बंदच असतो पंखा," ते म्हणाले आणि गेले.

पुढचा नंबर पुकारायचा होता. बटण माझ्या बोटाखाली होतं. हॉल भरलेला होता, चार नंबर माझ्याकडे बघत होता, आणि मी बटण दाबत नव्हते.

संध्याकाळी दारावर यादी लागली. माझ्या नावापुढे लिहिलं होतं, 'खिडकी क्रमांक पाच. खुर्चीत हजर: होय. काम: नाही. मिनिटे: चार.'